नव्वद दिवस उलटले. आता कैफियत घेतील का?

वकील मॅडम, नमस्कार.

आम्ही सांगली जिल्ह्यातल्या एका गावात राहतो. माझ्या मिस्टरांवर त्यांच्या चुलतभावानं तालुक्याच्या कोर्टात वाटपाचा दावा लावला आहे. दीड एकर जमीन आहे. ती माझ्या सासऱ्यांनी १९८४ साली स्वतःच्या कमाईतून घेतली, खरेदीखत रजिस्टर आहे. दिरांचं म्हणणं, ती एकत्र कुटुंबाच्या पैशातून घेतली, म्हणून निम्मी त्यांची.

६ जानेवारीला बेलीफ समन्स घेऊन आला. मिस्टरांनी सही करून घेतलं. वकील दिला, वकीलपत्र झालं. वकिलांनी खरेदीखताची नक्कल आणि जुने फेरफार मागितले, ते काढण्यात महिना गेला. १२ फेब्रुवारीला मिस्टरांना अर्धांगवायूचा झटका आला. एकोणीस दिवस दवाखान्यात होते. उजवी बाजू गेली आहे, बोलणं अजून नीट येत नाही, पण समजतं सगळं. त्यानंतर घर, जनावरं आणि त्यांचा व्यायाम यातच मी होते. १८ जूनला कोर्टात गेले तेव्हा कळलं, आमच्या कैफियतीशिवाय दावा पुढे चालवायचा हुकूम २१ एप्रिललाच झाला आहे.

आमचे वकील म्हणतात, नव्वद दिवस संपले की कोर्टाला अधिकारच उरत नाही. एक पाहुणे म्हणतात, समन्स मिळालंच नाही असं लिहून द्या. दुसरे म्हणतात, एकतर्फी निकाल लागू दे, मग रद्द करून घेऊ. आमची जमीन गेली का? मी काय करू?

– एक वाचक भगिनी

ताई, जमीन गेलेली नाही. कैफियत, म्हणजे दाव्याला तुमचं लेखी उत्तर, अजूनही दाखल होऊ शकते. पण तुमचं पत्र २३ जूनचं आहे, आणि हे उत्तर तुमच्या हाती पडेपर्यंत आणखी काही दिवस गेलेले असतील. म्हणून आधी वकिलांना फोन लावा आणि येत्या चार दिवसांत अर्ज द्यायचा असं पक्कं ठरवा. मग पुढचं वाचा.

तुमच्या वकिलांचं म्हणणं अर्धं बरोबर आहे, आणि अर्धं बरोबर असल्यामुळेच ते ऐकून तुमच्या हातापायातलं बळ गेलं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आठव्या आदेशातला (संहितेतल्या प्रकरणांना 'आदेश' म्हणतात) पहिला नियम सांगतो की समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत प्रतिवादीनं लेखी कैफियत द्यावी. तेवढ्यात जमलं नाही तर कारणं नोंदवून कोर्ट मुदत वाढवू शकतं, पण समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांच्या पलीकडे नाही. तुमच्या बाबतीत ३० दिवस ५ फेब्रुवारीला भरले आणि ९० दिवस ६ एप्रिलला. नियमाचे शब्द वाचले तर वकील म्हणतात तसंच वाटतं.

हा नियम इतका कडक का झाला हे मला ठाऊक आहे, कारण तो कडक नव्हता तेव्हाही मी कोर्टात उभी राहत होते. 'कैफियतीसाठी मुदत मिळावी' हा अर्ज तेव्हा प्रत्येक तारखेला यायचा आणि बहुतेक वेळा मंजूरही व्हायचा. नुसती कैफियत यायला दोन-दोन वर्षं लागलेले दावे मी पाहिले आहेत. जमिनीचा ताबा प्रतिवादीकडे असेल तर त्याला घाई कसली? वादी मात्र दर तारखेला एस.टी.नं यायचा, बाकावर बसायचा आणि पुढची तारीख घेऊन परत जायचा. संसदेनं १९९९ आणि २००२ साली संहितेत दुरुस्त्या केल्या. त्या १ जुलै २००२ पासून लागू झाल्या आणि ३० व ९० दिवसांची ही चौकट त्यांतूनच आली. मला ही चौकट हवीशी वाटते. तुमची बाजू घेतानाही मी हे सांगते आहे, कारण तुमच्या अर्जावर हुकूम करणाऱ्या न्यायाधीशांच्या मनातही तो बाकावरचा वादी असणार.

दुरुस्ती झाल्यावर प्रश्न उभा राहिला की ९१व्या दिवशी काय? सर्वोच्च न्यायालयानं २००५ साली कैलाश विरुद्ध नन्हकू या प्रकरणात त्याचं उत्तर दिलं. ते प्रकरण मुळात निवडणूक याचिकेचं होतं, पण मुद्दा कैफियतीच्या मुदतीचाच होता. न्यायालयानं सांगितलं की नियम प्रतिवादीवर बंधन घालतो, पण मुदत चुकली तर पुढे काय व्हावं हे तो कुठेच सांगत नाही आणि मुदत वाढवण्याचा कोर्टाचा अधिकारही काढून घेत नाही. हा कार्यपद्धतीचा नियम आहे, न्यायदान सोपं व्हावं म्हणून केलेला. म्हणून ९० दिवसांनंतरही कोर्ट कैफियत घेऊ शकतं. मात्र ते अपवाद म्हणून, प्रतिवादीच्या हातात नसलेल्या कारणांमुळे उशीर झाला असेल तर, आणि कारणं लेखी नोंदवून. त्याच वर्षी सेलम ॲडव्होकेट बार असोसिएशनच्या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठानंही हेच धरलं. २०२० साली देशराज विरुद्ध बालकिशन या प्रकरणात पुन्हा एकदा स्पष्ट झालं की साध्या दिवाणी दाव्यांना ही सवलत अजून लागू आहे.

'अधिकारच उरत नाही' हे वाक्य खरं आहे ते व्यावसायिक दाव्यांसाठी. २०१५च्या व्यावसायिक न्यायालयांच्या कायद्यानं अशा दाव्यांपुरता हाच नियम बदलला. तिथे बाहेरची हद्द १२० दिवसांची आहे, आणि ती ओलांडली की कैफियतीचा हक्क संपतो व कोर्टानं ती दाखल करून घ्यायची नाही, असं कायद्यातच लिहिलं आहे. २०१९ साली एससीजी कॉन्ट्रॅक्ट्सच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं ही हद्द बंधनकारक ठरवली. शहरात काम करणारे वकील दोन्ही प्रकारचे दावे चालवतात आणि एका ठिकाणचा नियम दुसऱ्या ठिकाणी बोलून जातात. भावाभावातला शेतजमिनीच्या वाटपाचा दावा व्यावसायिक नसतो. तुमच्या वकिलांना वाईट वाटणार नाही अशा रीतीनं 'कैलाशचा निकाल आम्हाला लागू होईल का?' एवढं विचारा. त्यांना लगेच लक्षात येईल.

अधिकार आहे याचा अर्थ तो तुमच्या बाजूनं वापरला जाईलच असा नाही. देशराजच्याच प्रकरणात नियम सैल आहे असं सांगूनही न्यायालयानं त्या प्रतिवादीला सवलत दिली नाही, कारण वारंवार संधी मिळूनही त्यानं कैफियत दिली नव्हती आणि पटण्यासारखं कारणही मांडलं नव्हतं. आपल्याकडचं उदाहरण ॲटकॉम टेक्नॉलॉजीज विरुद्ध चुनावाला यांचं आहे. मुंबई उच्च न्यायालयानं खर्चाची रक्कम भरायला लावून उशिराची कैफियत घेऊ दिली होती. सर्वोच्च न्यायालयानं २०१८ साली तो हुकूम रद्द केला. उशीर जितका मोठा, तितकं कारण पटवून देण्याचं ओझं जास्त, असं तिथे म्हटलं आहे. दुसऱ्या बाजूला १९९८चं एन. बालकृष्णन यांचं प्रकरण आहे. ते कैफियतीचं नव्हतं, एकतर्फी हुकूमनाम्यानंतरच्या अर्जाला झालेल्या उशिराचं होतं. तिथे उशीर ८८३ दिवसांचा होता आणि तरी सर्वोच्च न्यायालयानं तो माफ केला. उशीर किती दिवसांचा यापेक्षा स्पष्टीकरण मानण्यासारखं आहे का, हे पाहायचं असं न्यायालय म्हणालं.

म्हणून ताई, दिवसांच्या आकड्याला घाबरू नका. तुमची खरी परीक्षा त्या दिवसांच्या हिशेबात आहे.

मी तुमच्या पत्रावरून तो हिशेब मांडून पाहिला. ६ जानेवारी ते १२ फेब्रुवारी हे ३७ दिवस मिस्टर धडधाकट होते. म्हणजे पहिली ३० दिवसांची मुदत आजारपणाच्या आधीच संपली होती. विरुद्ध पक्षाचे वकील नेमकं इथेच बोट ठेवणार. ही बाजू लपवू नका. दुय्यम निबंधकाकडे खरेदीखताच्या नकलेसाठी कधी अर्ज केला, तलाठ्याकडे फेरफार कधी मागितले, कधी मिळाले, त्याच्या पावत्या शोधा. १९८४चा दस्त हाती यायला वेळ लागतो हे तालुक्याच्या कोर्टातल्या न्यायाधीशांना सांगावं लागत नाही, पण तुम्ही तो मागितला होता हे कागदावर दिसायला हवं. शिवाय रोजनामा, म्हणजे दर तारखेच्या कामकाजाची कोर्टातली नोंद, पाहा. फेब्रुवारीतल्या तारखेला तुमच्या वकिलांनी मुदतीचा अर्ज दिला होता का? दिला असेल तर तुम्ही सुरुवातीपासून दावा लढवणारच होतात याचा तो पुरावा आहे. दाव्यात निशाणी ५ला तात्पुरत्या मनाईचा अर्ज असेल, तर त्याला तुमच्याकडून म्हणणं गेलं आहे का तेही बघा. त्या म्हणण्यात 'जमीन स्वकष्टार्जित आहे' असं लिहिलेलं असेल, तर तुमचा बचाव आज सुचलेला नाही हे आपोआप सिद्ध होतं.

१२ फेब्रुवारी ते ३ मार्च हा काळ दवाखान्याचा. डिस्चार्ज कार्ड आणि बिलं लावली की इथे कोणी प्रश्न विचारणार नाही.

३ मार्च ते १८ जून हे साडेतीन महिने मला सगळ्यांत जास्त छळतात. नव्वदावा दिवस याच काळात उलटला, आणि मधली उन्हाळी सुट्टी सोडली तरी बराच काळ उरतो. 'मिस्टर आजारी होते' हे एक वाक्य एवढ्या मोठ्या काळाला पुरणार नाही. इथे तुम्हाला तपशिलात जावं लागेल. घरात करतं माणूस आणखी कोणी होतं का? मुलं कुठे असतात, किती वर्षांची आहेत? तपासणीला शहरात किती वेळा गेलात? फिजिओथेरपीवाला घरी येत होता की त्यांना न्यावं लागत होतं? कोर्टाचं काम आजवर कोण पाहत होतं, आणि कुठली तारीख कधी आहे हे तुम्हाला कोणी सांगितलं होतं का? वकिलांना फोन केले असतील तर मोबाइलमध्ये त्यांच्या नोंदी असतील, त्या जपून ठेवा. फोन केले नसतील तर केले नाहीत असंच लिहा. नवऱ्याच्या उजव्या हाताची बोटं पुन्हा हलावीत म्हणून दिवसभर झटणाऱ्या बाईला दाव्याची तारीख आठवली नाही, हे माणसाला पटतं. ते कारण लिहायला लाजू नका. १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादनाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं होतं की प्रत्येक दिवसाचा खुलासा द्या याचा अर्थ तासातासाचा हिशेब मागा असा नाही, व्यवहाराला धरून पाहा. तिथे उशीर अवघ्या चार दिवसांचा होता आणि तुमचा मोठा आहे, त्यामुळे त्या निकालावर सगळा भार टाकता येणार नाही. पण नजर कशी असावी ते त्यातून कळतं.

शेवटचा तुकडा १८ जूनपासून आजपर्यंतचा. तो लहान आहे, पण त्यात प्रत्येक दिवस मोलाचा आहे, कारण आता तुम्हाला सगळं माहीत आहे. हुकूम कळल्यावर आठवडाभरात आलेला अर्ज आणि दोन महिन्यांनी आलेला अर्ज यांत फार अंतर पडतं. आधीचे साडेतीन महिने खरोखर अडचणीचे होते की नाही, हे कोर्ट पुष्कळदा याच शेवटच्या तुकड्यावरून ताडतं.

आता त्या पाहुण्यांचा सल्ला. समन्स मिळालं नाही असं लिहायचं नाही. बेलिफाचा अहवाल मिस्टरांच्या सहीसह दाव्याच्या फायलीत आहे आणि त्यामागे त्यांच्याच सहीचं वकीलपत्र आहे. खोटं पहिल्या पाच मिनिटांत उघडं पडेल, आणि अर्जासोबत शपथपत्र असल्यामुळे ते शपथेवरचं खोटं ठरेल. पण पकडले जाल म्हणून मी हे सांगत नाही. वकिलीच्या सुरुवातीच्या वर्षांत माझ्या एका पक्षकारानं उशिरासाठी काविळीचा दाखला आणला होता. मी तो तपासला नाही, अर्जाला जोडला. विरुद्ध बाजूनं त्याच आठवड्यातल्या त्याच्या घरच्या लग्नाचे फोटो दाखल केले, आणि त्यात हे गृहस्थ वरातीपुढे नाचत होते. अर्ज गेलाच. त्यानंतर त्या दाव्यात त्या माणसाचं एकही वाक्य कोर्टानं विश्वासानं ऐकलं नाही, जी खरी होती तीसुद्धा. त्याची जमीन खरोखर त्याची होती. मला ते आजही टोचतं. तुमच्याकडे खरं कारण आहे आणि ते चांगलं आहे. त्यात खोट्याचा एक थेंब पडू देऊ नका.

दुसऱ्या पाहुण्यांचं 'एकतर्फी होऊ दे, मग बघू' हे तर फारच धोक्याचं आहे. एकतर्फी हुकूमनामा रद्द करायला नवव्या आदेशातल्या तेराव्या नियमाखाली अर्ज येतो, पण त्यासाठी मुदत ३० दिवसांची. समन्स रीतसर मिळालेलं असल्यामुळे ती तुम्हाला कळल्यापासून नाही, हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजली जाईल. आणि त्या वेळी कोर्ट पहिला प्रश्न विचारेल की १८ जूनला सगळं कळलं होतं, तर गप्प का बसलात? आज तुमच्याकडे सांगण्यासारखं उत्तर आहे. तेव्हा ते नसेल.

अर्ज कसा असावा? शीर्षक साधं ठेवा: कैफियतीशिवायचा हुकूम रद्द करून, झालेला विलंब माफ करून कैफियत दाखल करून घेण्याबाबत. आठव्या आदेशाचा पहिला नियम आणि संहितेची कलमं १४८ व १५१ यांचा आधार वकील घेतील. अर्जासोबत शपथपत्र, दवाखान्याचे कागद, नकलांच्या पावत्या आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे पूर्ण तयार, सही झालेली कैफियत. नुसता अर्ज देऊन 'मंजूर झाला की कैफियत देऊ' असं कधीही करू नका. ज्याच्या हातात कैफियत आहे त्याला आणखी वेळ नको आहे, हे कोर्टाला डोळ्यांनी दिसतं. खरेदीखत, फेरफार आणि ७/१२च्या नकलाही यादीसह तेव्हाच लावा. एखादा कागद मागून मिळाला तर आठव्या आदेशाच्या १-अ नियमाखाली परवानगी घेऊन तो देता येतो, पण ती पुन्हा कोर्टाच्या मर्जीची गोष्ट झाली.

अर्जात मुदतीच्या कायद्याचं कलम ५ घाला असं कोणी सुचवेल. विलंब माफी म्हटलं की सगळ्यांना तेच आठवतं. ते कलम अपिलांसाठी आणि अर्जांसाठी आहे, तुमच्या कैफियतीची वाट आठव्या आदेशातूनच जाते. (दावाच उशिरा लावणाऱ्यांनीही लक्षात ठेवावं की दावा लावायची मुदत चुकली तर कलम ५ मदतीला येत नाही. अशी पत्रं मला नेहमी येतात आणि उत्तर देताना जीव जड होतो.)

सही कोणी करायची हा प्रश्न तुम्ही विचारला नाहीत, पण तो येणारच. मिस्टरांचा उजवा हात चालत नाही, पण समजतं सगळं, असं तुम्ही लिहिलं आहे. मग ते डाव्या हातानं सही किंवा अंगठा करू शकतात. मजकूर त्यांना वाचून, समजावून सांगितला आणि त्यांनी मान्य केला, अशी नोंद तिथे असावी. तेही कठीण असेल तर सहाव्या आदेशाच्या चौदाव्या नियमाप्रमाणे त्यांनी अधिकार दिलेली व्यक्ती सही करू शकते. त्यासाठी तुमच्या नावे कुलमुखत्यारपत्र करून घ्या. पुढच्या तारखांनाही ते उपयोगी पडेल. उशिराच्या कारणांचं शपथपत्र मात्र तुम्ही स्वतःच करा, कारण त्या दिवसांत काय घडलं हे तुम्हालाच माहीत आहे. मिस्टरांची समज शाबूत असताना बत्तिसाव्या आदेशाखाली त्यांच्यासाठी पालक नेमण्याची वाट कोणी दाखवली तर नको म्हणा. त्यात वेळ जाईल आणि त्यांच्या मनालाही लागेल.

अर्जाची प्रत दिरांच्या वकिलांना द्यावी लागेल, ते म्हणणं देतील, विरोध करतील. तो त्यांचा हक्क आहे. त्यांनी सरतपासाचं शपथपत्र, म्हणजे स्वतःची लेखी साक्ष, अजून दिलं नसेल तर तुमचं काम सोपं होईल, कारण वादाचे मुद्दे कोर्टानं काढायच्या किंवा पुरावा सुरू व्हायच्या आधी कैफियत आली तर वादीचं फारसं बिघडत नाही. पुरावा सुरू झाला असेल तरी अर्ज द्याच. त्यांना झालेल्या त्रासाबद्दल खर्चाची रक्कम भरायची तयारी अर्जातच लिहून ठेवा. कोर्टानं रक्कम ठरवली तर घासाघीस न करता, ठरलेल्या तारखेच्या आत भरा. मंजूर झालेला अर्ज रक्कम वेळेत न भरल्यामुळे वाया गेलेला मी पाहिला आहे.

आणि नामंजूर झाला तर? या हुकुमावर अपील नसतं. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७खाली उच्च न्यायालयात रिट अर्ज करावा लागतो. सांगली जिल्ह्यासाठी १८ ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, म्हणजे आता मुंबई गाठावी लागणार नाही. तिथे पाहिलं जाईल ते एवढंच की खालच्या कोर्टानं मर्जी कारणांना धरून वापरली की नाही. तुमची कारणं पहिल्या अर्जातच नीट लिहिलेली असली पाहिजेत ती यासाठीही. वर जाऊन नवी कारणं सुचली तर कोणी ऐकत नाही.

अगदी सगळे दरवाजे बंद झाले असं धरलं, तरी दिरांना निम्मी जमीन लगेच मिळत नाही. कैफियत नसेल तर दाव्यातली विधानं नाकारली नाहीत असं धरता येतं आणि आठव्या आदेशाच्या दहाव्या नियमाखाली निकालही देता येतो. पण तो डोळे मिटून द्यायचा नाही, वादीनं सिद्ध करायला हव्यात अशा गोष्टी असतील तर पुरावा मागायचा, असं सर्वोच्च न्यायालयानं १९९९ साली बलराज तनेजा प्रकरणात बजावलं आहे. १९५५च्या संग्राम सिंह प्रकरणापासून हेही ठरलेलं आहे की आधी गैरहजर राहिलेला पक्षकार पुढच्या टप्प्यावर येऊन कामकाजात भाग घेऊ शकतो. १९८८च्या मॉड्युला इंडिया प्रकरणात, ज्याचा बचावच काढून टाकला होता अशा भाडेकरूलाही वादीच्या साक्षीदारांची उलटतपासणी घेता येते असं सांगितलं गेलं. स्वतःचा पुरावा मात्र त्याला देता येत नाही. आणि वाटपाच्या दाव्यात कुटुंब एकत्र होतं म्हणून एकाच्या नावावरची जमीनही एकत्र, असं कायदा गृहीत धरत नाही. जमीन घेण्याइतकं उत्पन्न एकत्र मिळकतीतून येत होतं, हे आधी दिरांनी दाखवायचं आहे. चांगली उलटतपासणी यावर बरंच काम करू शकते. तरीही कैफियत आणि तुमचा स्वतःचा पुरावा यांची सर कशालाच नाही, म्हणून सगळी ताकद आत्ताच्या अर्जावर लावा.

आता तुमच्या वकिलांबद्दल. पत्रात तुम्ही त्यांना दोष दिलेला नाही, आणि मला ते आवडलं. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला होऊ नये असं सर्वोच्च न्यायालयानं १९८१ साली रफीक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात म्हटलं आहे, पण अलीकडे कोर्टं 'वकिलांनी सांगितलं नाही' एवढ्यावर सहसा थांबत नाहीत. तुम्ही स्वतः चौकशी केली होती का, असं विचारतात. म्हणून अर्जाचा पाया आजारपणाचा ठेवा. त्यांच्याकडून झालं-गेलं ते एक-दोन वाक्यांत, जसं घडलं तसं लिहा. वकील बदलायचाच असेल तर फाईल आणि नाहरकत मागून घ्या, पण बदलण्याच्या धावपळीत अर्ज लांबता कामा नये. फीची अडचण असेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. अपंगत्व आलेल्या व्यक्तीला १९८७च्या कायद्याप्रमाणे मोफत वकील मिळू शकतो आणि मिस्टर त्यात बसू शकतात.

यापुढे तारखेसाठी कोणावर अवलंबून राहू नका. दाव्याला सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक असतो. तो वकिलांकडून किंवा कोर्टातल्या कारकुनाकडून लिहून घ्या. मोबाइलवर ई-कोर्ट्सचं ॲप घेऊन त्यात तो टाकला की पुढची तारीख आणि झालेले हुकूम दिसतात. मुलांपैकी कोणी हे पाच मिनिटांत लावून देईल. २१ एप्रिलचा हुकूमही तिथे असू शकतो. नसला तरी त्याची आणि रोजनाम्याची प्रमाणित नक्कल आजच मागा, अर्जाला ती लागेल.

आणि दवाखान्याचे मूळ कागद कोणाच्याही हातात देऊ नका. फायलीला झेरॉक्स लावा. मूळ डिस्चार्ज कार्ड पिशवीत ठेवून तारखेला बरोबर न्या आणि कोर्टानं मागितलं तरच दाखवा. पुढच्या तपासणीला डॉक्टरही तेच मागणार आहेत.